हंशाचा अर्धा वाटा

मी नागपूरच्या नंदनवनात राहतो. वस्तीला हे नाव ज्याने दिले त्याची रसिकता वाखाणण्याजोगी खरी. परंतु जगनाडे चौकात उभे राहिले की डोळ्यांना दिसतात त्या भाजीची पिशवी सावरीत निघालेल्या गृहिणी, कॉलेजची वेळ गाठणाऱ्या मुली आणि रिक्षावाल्याशी पाच रुपयांवरून हुज्जत घालणाऱ्या आजीबाई. अप्सरा कोठेच नाहीत. पण खुद्द इंद्राच्या नंदनवनाचा हिशेब मांडला, तरी तेथे काय निराळे आहे? रंभा, उर्वशी, मेनका, तिलोत्तमा ही चार नावे आपल्याला तोंडपाठ. त्या सभेत नाचणाऱ्या बाकीच्या अप्सरांची नावे किती जणांना सांगता येतील? नाच उभा राहायचा तो सगळ्यांच्या पायांवर, आणि नाव व्हायचे ते चौघींचे.

चित्रपटांच्या इंद्रसभेतही न्याय हाच. नायिकांविषयी दिवाळी अंकांतून पुष्कळ लिहून येते, आणि ते आपण आवडीने वाचतो. नूतन, मधुबाला, मीनाकुमारी यांच्याविषयी कितीही वाचले तरी मन भरत नाही. परंतु त्याच चित्रपटांत, त्याच पडद्यावर, नायिकेचे डोळे पुसून झाल्यावर आपल्याला हसविण्याचे काम जिच्याकडे सोपविलेले असे, ती कोण होती, कोठून आली आणि पुढे तिचे काय झाले, याची विचारपूस फारशी कोणी करीत नाही. आमच्या आळीतल्या एक काकू दुपारी दूरदर्शनसंचावर जुने चित्रपट पाहतात. शुभा खोटे पडद्यावर आल्या की त्या हमखास म्हणतात, "हे तेच न, मेहमूदच्या संगं राहे ते?" चेहरा ओळखीचा, काम आवडीचे, हसू आजही ताजे, नाव मात्र मेहमूदचे! या एका वाक्यात दुय्यम भूमिका करणाऱ्या विनोदी नटीचा सारा इतिहास आला, असे मला वाटते. म्हणून यंदा या पानांवर शुभा खोटे यांच्या कारकिर्दीविषयीच लिहावयाचे मी ठरविले.

हसविणारी सखी ही काही चित्रपटवाल्यांनी शोधून काढलेली वस्तू नव्हे. रामटेक नागपूरपासून जवळ. मेघदूतातला रामगिरी तो हाच, असे अनेक विद्वानांचे मत आहे. त्यामुळे कालिदासावर आम्हां नागपूरकरांचा थोडा घरचा हक्क आहे, असे आम्ही समजतो. त्याच्या शाकुंतलात नायिकेला दोन सख्या आहेत. अनसूया पोक्त, तोलून-मापून बोलणारी. आणि प्रियंवदा खट्याळ. प्रियंवदेने वल्कल फार घट्ट बांधले, अशी शकुंतला तक्रार करते, तेव्हा प्रियंवदा दोष स्वतःकडे न घेता शकुंतलेच्या यौवनाकडे ढकलून मोकळी होते. नाटक शकुंतलेचे, दुःखही तिचेच. पण पहिल्या अंकातला तो आश्रम आपल्याला राहता, बोलता, हसता वाटतो तो प्रियंवदेमुळे. तिला काढून टाका, म्हणजे कण्वांच्या आश्रमात नुसती झाडे उरतील.

मराठी रंगभूमीवरही विनोदी स्त्री-भूमिका होत्या, आणि त्या किरकोळ नव्हत्या. देवलांच्या 'संशयकल्लोळा'तली कृत्तिका आठवा. नवऱ्यावर संशय घेणारी ही बाई फाल्गुनरावाच्या तोडीस तोड आहे; तिच्यावाचून तो घोटाळा एक अंकही चालणार नाही. हे नाटक देवलांनी आर्थर मर्फी या आयरिश नाटककाराच्या 'ऑल इन द राँग' या प्रहसनावरून घेतले. १८९३ साली ते 'फाल्गुनराव' या नावाने गद्यात आले आणि १९१६ साली पदे घालून 'संशयकल्लोळ' झाले. विलायती विनोदाचे बियाणे मराठी मातीत कसे छान रुजते, याचा हा उत्तम दाखला; त्याची आठवण पुढे लागणार आहे म्हणून येथे सांगून ठेवतो. पण त्या काळी कृत्तिकाही पुरुषच, आणि रेवतीही पुरुषच! १९३३ साली 'नाट्यमन्वंतरा'च्या 'आंधळ्यांची शाळा' या नाटकात स्त्रियांची कामे स्त्रियांनी केली, हा आपल्या नाट्येतिहासातला मोठा टप्पा मानतात. म्हणजे स्त्रीने स्वतः उभे राहून, तोंडाला पदर न लावता चारचौघांना हसवावे, ही गोष्ट आपल्याकडे तशी अलीकडचीच.

बोलपट आले आणि या कामाला मागणी आली. पण कोणत्या प्रकारची? उमादेवी ही 'दर्द' (१९४७) या चित्रपटातल्या गाण्यांनी गाजलेली गायिका. ती 'बाबुल' (१९५०) पासून टुणटुण झाली, आणि पुढची कित्येक वर्षे प्रेक्षक तिच्या अंगकाठीला हसले. ती पडद्याच्या एका टोकाकडून आत आली की संवादाच्या अगोदरच हंशा पिकावयाचा. मनोरमेने डोळे वटारले की हंशा. 'सीता और गीता' (१९७२) मधली तिची काकू कोण विसरेल? ललिता पवार यांची कथा तर हसण्याची नव्हेच. १९४२ साली चित्रीकरण चालू असताना बसलेल्या एका थपडेने त्यांच्या चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डोळा कायमचा अधू झाला आणि नायिकेची जागा गेली. त्या जिद्दीच्या बाईने त्याच डोळ्याच्या धाकावर पुढे खाष्ट सासू उभी केली, आणि 'अनाडी' (१९५९) मधल्या मिसेस डिसाच्या रूपाने वरून तिखट व आतून मायाळू अशी घरमालकीणही.

या तिघींची योग्यता मोठी आहे, यात शंका नाही. तथापि एक गोष्ट ध्यानात घ्यावी. बाईला हसावयाचे ते तिच्या देहाला, नाहीतर तिच्या वटारलेल्या डोळ्यांना, अशी जणू रीतच पडली होती. तरुण, नीटनेटकी, चारचौघींसारखी दिसणारी मुलगी केवळ बोलण्या-वागण्याच्या चपळाईने हंशा मिळवील, ही कल्पना फारशी कोणाच्या मनात नव्हती. शुभा खोटे यांचे वेगळेपण येथून सुरू होते.

त्यांचा जन्म मुंबईचा, ३० ऑगस्ट १९३७ चा. वडील नंदू खोटे हे रंगभूमीवरचे आणि मूकपटांतले नट. 'अयोध्येचा राजा' (१९३२) मधली तारामती ज्यांनी केली त्या दुर्गाबाई खोटे या शुभाच्या काकू. घरात नाटक-सिनेमा असा पिढीजात. पण या मुलीचे लक्ष होते पाण्यात आणि सायकलीवर. पोहणे आणि सायकलीची शर्यत या दोन्ही खेळांत पन्नाशीच्या दशकाच्या आरंभी तिने राष्ट्रीय पातळीवर विजेतेपदे मिळविली. त्या काळी आपल्याकडे मुलीने सायकल चालविणे हीच जेथे चर्चेची बाब होती, तेथे ती सायकलीने शर्यत मारीत होती, हे लक्षात घेतले म्हणजे या गोष्टीचे मोल कळेल.

ही सायकलच तिला चित्रपटात घेऊन आली, असे म्हटले तर वावगे होणार नाही. अमिय चक्रवर्ती यांच्या 'सीमा' (१९५५) मध्ये नूतन नायिका आणि बलराज साहनी नायक. चोरीचा आळ आलेली अनाथ गौरी एका आश्रमात येते, तेथल्या मुलींपैकी एक पुतली. ही पुतली सायकलीवर टांग मारून एका लबाडाचा पाठलाग करते. नूतनला या चित्रपटाने 'फिल्मफेअर'चे पारितोषिक मिळवून दिले, आणि ते यथायोग्यच होते. परंतु चित्रपट पाहून घरी निघालेल्या माणसाला गौरीचे अश्रू आठवत, तशी पुतलीची सायकलही आठवे. अठरा वर्षांची ती पोर पडद्यावर अभिनय करीत आहे असे वाटतच नाही. तिला पेडल मारता येते, आणि ती ते मारते. हा शरीराचा मोकळेपणा पुढे तिच्या साऱ्या विनोदाचा पाया ठरला.

१९५७ साल तिच्या दृष्टीने महत्त्वाचे. 'पेइंग गेस्ट' मध्ये तिने चंचल केली: नूतनची मैत्रीण, पैशाच्या मोहाने वयस्क वकिलाशी लग्न करणारी आणि मग मैत्रिणीच्या संसारावर नजर ठेवणारी. तो वकील झाले होते आपले गजानन जागीरदार. त्याच साली 'देख कबीरा रोया' हा अमिय चक्रवर्ती यांचा हलकाफुलका चित्रपट आला. त्यात तीन तरुणी, तीन तरुण, आणि कोणाचे कोणावर प्रेम याचा गोड गोंधळ. अनिता गुहा आणि अमिता यांच्या बरोबरीने तिसरी शुभा. १९५९ च्या 'दीदी' मध्ये तर ती सुनील दत्तच्या समोर होती. सुधा मल्होत्रा यांनी चाल दिलेले आणि मुकेश यांच्यासह गायिलेले त्या चित्रपटातले द्वंद्वगीत आजही आकाशवाणीवर लागले की माणसे हातातले काम थांबवून ऐकतात. ते ज्या दोघांवर चित्रित झाले त्यांतली एक ही आपली 'मेहमूदच्या संगं राहणारी' मुलगी, हे सांगितले म्हणजे पुष्कळांना खोटेच वाटते!

म्हणजे विनोदी काम ही तिच्याजवळ उरलेली एकमेव वाट नव्हती. खलनायिका, सखी, नायिका हे सगळे करून ती विशी-बाविशीत विनोदाच्या वळणावर आली, ती पूर्ण तयारीची नटी म्हणून.

हे वळण समजण्यासाठी त्या काळच्या कौटुंबिक चित्रपटाची घडण थोडी पाहिली पाहिजे. साठीच्या आगेमागे मद्रासच्या निर्मात्यांनी हिंदी चित्रपटांत मोठी उडी घेतली. एल. व्ही. प्रसाद, 'जेमिनी'चे एस. एस. वासन अशी ही कर्तबगार मंडळी. प्रसाद हे तर 'आलम आरा' (१९३१) या पहिल्या हिंदी बोलपटात लहानसे काम केलेले गृहस्थ. प्रेक्षकांची नाडी त्यांना अचूक सापडलेली होती. यांच्या चित्रपटांचा साचा ठरलेला: एक मोठे कुटुंब, एक त्यागी भाऊ किंवा सोशिक सून, गैरसमज, आजारपण, ताटातूट आणि शेवटी मीलन. तीन तास रडविले तर लोक पुन्हा येणार नाहीत, हे ते जाणून होते. म्हणून मुख्य कथेला समांतर एक विनोदी कथा चालावयाची. तीत एक खटपट्या तरुण, त्याची लाडकी मुलगी आणि त्या मुलीचा आडमुठा बाप. मुख्य कथेत दुःखाचा कडेलोट झाला की लगेच हे तिघे पडद्यावर येत. स्वयंपाकात तिखट फार झाले की आपण ताकाची वाटी पुढे करतो ना, तसेच.

मेहमूद, शुभा खोटे आणि धुमाळ ही तिकडी जमली ती अशा चित्रपटांत. 'छोटी बहन' (१९५९) मध्ये तिघे एकत्र दिसले. 'ससुराल' (१९६१) ने त्यांच्यावर लोकप्रियतेचे शिक्कामोर्तब केले. मग 'हमराही', 'भरोसा' (दोन्ही १९६३) या चित्रपटांत मेहमूद-शुभा ही जोडी राहिली. आणि प्रमोद चक्रवर्ती यांच्या 'जिद्दी' (१९६४) व 'लव्ह इन टोकियो' (१९६६) मध्ये धुमाळांसह पुन्हा तिकडी. धुमाळ मराठी रंगभूमीवरून आलेले मुरब्बी नट. बहुधा बापाच्या नाहीतर विरोधकाच्या भूमिकेत. म्हणजे हिंदी चित्रपटसृष्टीतल्या सर्वांत गाजलेल्या विनोदी तिकडीचे दोन पाय मराठी होते. ही गोष्ट आपण अभिमानाने सांगावी अशी आहे, आणि सांगत मात्र नाही.

आता प्रश्न असा की, या तिघांत शुभाचे काम नेमके काय होते? विनोद तर मेहमूद करी. वेष तो पालटी, आवाज तो काढी, 'लव्ह इन टोकियो' मध्ये जपानी बाईचे सोंग घेऊन मुरकत चालणाराही तोच. मग ती काय करीत होती?

लोहाराच्या भात्यापाशी क्षणभर उभे राहून पाहावे. आवाज होतो तो हातोड्याचा, असे आपण म्हणतो. पण खालची ऐरण काढून घेऊन तोच हातोडा मातीवर मारला, तर भद्द असे होईल आणि संपेल. मेहमूदच्या हातोड्याखाली शुभा खोटे ऐरण होती. त्याच्या अचाट वागण्यावर ती स्वतः हसत नसे. ती ते खरे मानी. त्याच्यावर रागावली तर खरी रागावे, रुसली तर खरी रुसे, आणि बापासमोर थाप मारताना तिच्या चेहऱ्यावर खरी भीती दिसे. समोरचे पात्र गंभीरपणे वागले तरच विदूषकाचा विदूषकपणा खुलतो, हे नाटकातल्या जुन्या माणसांना ठाऊक असलेले मर्म तिला उपजत ठाऊक होते. शिवाय ती नुसती ऐकत उभी राहणारी बाहुली नव्हती. संवादाला संवाद लागलीच, वाक्य पडू न देता परतवावयाचा. पळावयाचे तर खेळाडूसारखे पळावयाचे. आणि हे करताना पदर, वेणी, मर्यादा काही ढळू द्यावयाचे नाही. आई-वडील आणि मुले एका रांगेत बसून पाहत आणि कोणालाही मान खाली घालावी लागत नसे, ती तिच्या या सोज्ज्वळपणामुळे.

आणखी एक गोष्ट. या उपकथेतले प्रेम खरे असे. नायक-नायिका गैरसमजात अडकून तीन तास झुरत. ही दोघे मात्र भांडत, चिडवीत, बापाला चकवीत एकमेकांना धरून राहत. देखणा नसलेल्या, पैसा नसलेल्या, थोड्या खुळ्या तरुणावर एक चांगली मुलगी मनापासून प्रेम करते, ही गोष्ट पुढच्या बाकांवरच्या प्रेक्षकाला फार मोलाची वाटत असावी. नायक म्हणजे कोणी दूरचा राजबिंडा. पण मेहमूद म्हणजे आपल्यातलाच एक. आणि अशा माणसालाही शुभा मिळते!

या ठिकाणी आमच्या नागपूरचा दोन शब्दांत उल्लेख केल्यावाचून राहवत नाही. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत नागपूर ही हिंदी-मराठी अशा दुभाषी राज्याची राजधानी होती. सी. पी. अँड बेरार हा प्रांत गेला तरी चित्रपटांच्या धंद्यात वितरणाचा एक विभाग त्यानंतरही 'सी. पी. बेरार' याच नावाने ओळखला जात राहिला. येथल्या मराठी घरांत हिंदी ही परकी भाषा नव्हतीच. भाजीबाजारात, बाजाराच्या ओळीत, शाळेच्या मैदानात ती कानांवर पडलेली. त्यामुळे हिंदीतला विनोद समजून घ्यावयास नागपूरकरांना दुभाषा लागला नाही. चित्रपटाचे वेड तर असे की सीताबर्डीवरच्या एका चौकाला चित्रपटगृहावरून व्हरायटी चौक हे नाव पडले आणि ते टिकले. अशा गावात 'ससुराल' नि 'जिद्दी' मधले संवाद पोरे एकमेकांना म्हणून दाखवीत. मीही त्यांतलाच. मेहमूदची नक्कल करणारे आमच्यात दहा होते. शुभाची बाजू घ्यावयास कोणीच तयार नसे. आणि त्यामुळे आमची नक्कल कधी रंगत नसे! तिचे काम किती अवघड आहे याचा तो अगदी घरगुती पुरावा होता.

पण पारितोषिके देणाऱ्यांच्या लेखी या कामाचे वजन किती? १९६२ च्या 'फिल्मफेअर' पारितोषिकांची यादी पाहण्यासारखी आहे. सहाय्यक अभिनेत्रीसाठी तीन नामांकने होती. त्यांतली दोन एकट्या शुभा खोटे यांची, 'घराना' आणि 'ससुराल' या चित्रपटांसाठी. तिसरे नामांकन निरूपा रॉय यांचे, 'छाया' मधल्या आईच्या भूमिकेसाठी. पारितोषिक गेले निरूपा रॉय यांना. त्यांचे काम उत्तमच होते, त्याविषयी तक्रार नाही. परंतु हसविणाऱ्या दोन भूमिका एका बाजूला आणि रडविणारी एक आई दुसऱ्या बाजूला, तर तराजू आईकडे झुकावयाचा, ही आपल्याकडची रीत त्या निकालात दिसून आली, असे मला वाटते. पुढे १९६७ पासून विनोदी भूमिकेसाठी स्वतंत्र पारितोषिक सुरू झाले. पहिला मान 'प्यार किये जा' (१९६६) साठी मेहमूदला मिळाला. त्या चित्रपटातला सर्वांत गाजलेला प्रसंग कोणता? मेहमूद भुताची कथा रंगवून सांगतो आणि ओमप्रकाश ती ऐकता ऐकता घामाघूम होतो, तो. तेथे ऐकणाऱ्याचे कौतुक सांगणाऱ्याइतकेच झाले. ऐकण्यातही कला असते हे लोकांना कळत होते, यात शंका नाही. मात्र ऐकणारी मुलगी असली की तिच्या वाट्याचा अर्धा हंशा मेहमूदच्याच खात्यावर जमा व्हावयाचा.

साठीच्या उत्तरार्धात ही तिकडी पांगली. 'प्यार किये जा' मध्येच मेहमूदसमोर मुमताज होती. पुढे अरुणा इराणी आली. सत्तरीत तर ती समांतर विनोदी कथाच चित्रपटांतून ओसरू लागली. नायक स्वतःच विनोद करू लागला. 'अमर अकबर अँथनी' (१९७७) मध्ये अमिताभ बच्चन आरशाशी बोलून हसवितो, तेथे विनोदी जोडीला जागा ती कोठून उरणार? नायकाचे राज्य वाढले आणि मांडलिकांच्या जहागिरी खालसा झाल्या. ज्या नटीने आपले सारे नाव त्या जहागिरीत कमाविले, तिचे काय व्हावे?

येथे शुभाबाईंची खरी हुशारी दिसते. त्या रडत बसल्या नाहीत. १९६८ साली त्यांनी 'चिमुकला पाहुणा' हा मराठी चित्रपट स्वतः निर्माण केला आणि दिग्दर्शितही केला. मराठीत स्त्री-दिग्दर्शक बोटांवर मोजण्याइतक्याही नसतानाची ही गोष्ट. संसार सांभाळला, रंगभूमीशी नाते ठेवले, आणि वय वाढले तशा वयाच्या भूमिका पत्करल्या. के. बालचंदर यांच्या 'एक दूजे के लिए' (१९८१) मध्ये नायिकेची कठोर आई त्यांनी अशी केली की प्रेक्षक दात-ओठ खात. वीस वर्षांपूर्वी बापाला चकवून प्रियकराला भेटणारी तीच मुलगी आता मुलीच्या प्रेमाच्या आड उभी राहिली होती!

आता देवलांच्या त्या विलायती बियाण्याची आठवण करावयाची वेळ आली. इंग्लंडात दुय्यम विनोदी नट्यांची परंपरा मोठी. 'कॅरी ऑन' या नावाने तिकडे १९५८ पासून वीस वर्षे प्रहसनपट निघत राहिले. हॅटी जॅक्स यांनी त्यांतल्या चौदा चित्रपटांत कामे केली आणि त्यांची करडी मेट्रन घराघरांत पोचली. जोन सिम्स तर चोवीस चित्रपटांत होत्या. नट बदलले, कथा बदलल्या, पण या बायका तशाच. पुढे १९७७ साली तिकडच्या दूरचित्रवाणीवर 'माइंड युअर लँग्वेज' ही मालिका आली. परदेशी प्रौढांना इंग्रजी शिकविण्याचा वर्ग आणि तेथे उडणारा गोंधळ, एवढाच विषय. सिमल्यात जन्मलेल्या जमिला मॅसी त्या वर्गात विणकाम करीत बसणारी विद्यार्थिनी होत्या. संस्थेच्या करड्या प्रमुख मिस कोर्टनी हे काम झारा नटली या नटीने केले. परदेशी लोकांची ठराविक सोंगे काढल्याबद्दल त्या मालिकेवर टीका झाली आणि १९७९ साली ती बंद पडली.

हेच बियाणे १९९३ साली, म्हणजे 'फाल्गुनरावा'नंतर बरोबर शंभर वर्षांनी, पुन्हा आपल्याकडे आले. 'जबान संभालके' या मालिकेत इंग्रजीच्या जागी हिंदीचा वर्ग भरला. शिक्षक पंकज कपूर. विद्यार्थ्यांत हिंदी शिकणारा इंग्रज म्हणून टॉम आल्टर. आणि संस्थेच्या प्रमुख मिस दीक्षित म्हणजे शुभा खोटे. शिवाय वर्गात विठ्ठल बापूराव पोटे होऊन बसले होते त्यांचे धाकटे बंधू विजू खोटे, 'शोले' (१९७५) मधला कालिया म्हणून सारा देश ज्यांना ओळखतो ते. आणि शुभाबाईंच्या कन्या भावना बलसावर याही त्याच मालिकेत! नंदू खोट्यांची मुलगी, मुलगा आणि नात एकाच वर्गात. वर्ग हिंदीचा आणि कल्पना इंग्रजांची. नागपूरसारख्या गावात ही मालिका लोकांना का भावली, ते निराळे सांगावयास नको. दोन भाषांच्या ठेचा खात हसणे हा तर आमचा रोजचाच व्यवहार. मिस दीक्षित होऊन शुभाबाई दारात उभ्या राहिल्या की पंकज कपूरसारखा कसलेला नट बिचकून दाखवी, आणि त्या बिचकण्याला अर्थ येई तो त्यांच्या गंभीर मुद्रेने. ऐरण तीच होती. हातोडा तेवढा बदलला होता.

२०१७ साली 'टॉयलेट: एक प्रेम कथा' मध्ये त्या नायकाची आजी झाल्या. घरात शौचालय नको म्हणून हटून बसलेल्या कर्मठ बापाचे मन शेवटी कोणामुळे पालटते? सुनेच्या भाषणाने नाही, मुलाच्या विनवण्यांनी नाही. म्हातारी आई पडते, जायबंदी होते आणि घरातल्याच शौचालयाचा हट्ट धरते, तेव्हा तो नमतो. कथेचे कुलूप उघडते ते आजीच्या किल्लीने. १९५५ साली सायकल मारणारी पुतली आणि २०१७ सालची ही आजी, यांच्यामध्ये बासष्ट वर्षे आहेत.

बासष्ट वर्षे! हिशेबी वाचकाने येथे थोडे थांबून आकडेमोड करावी. ज्या नायिकांच्या शेजारी ही नटी उभी राहिली, त्यांच्यापैकी किती जणींना पडद्यावर एवढे दीर्घ आयुष्य लाभले? नायिकेचे राज्य दहा-बारा वर्षांचे. केसांत पहिली चांदी दिसली की तिला सिंहासनावरून उतरावे लागते आणि उतरलेल्या राणीला दुसरे काम करता येत नाही. दुय्यम नटीला सिंहासनच नसते, म्हणून तिला कोणी उतरवू शकत नाही. ती सखी असते, प्रेयसी असते, मग आई, मुख्याध्यापिका, आजी होते; आणि दर वेळी नव्याने हसविते. ही तिच्या पेशातली भरपाई म्हणावी, की ज्यांनी तिला दुसऱ्या रांगेत बसविले त्यांच्यावर काळाने उगविलेला सूड म्हणावा, हे ज्याने त्याने ठरवावे. मला मात्र ही भरपाई पुरेशी वाटत नाही. दीर्घायुष्य मिळाले म्हणून हक्काचे नाव देऊ नये, हा कोठला न्याय?

आमच्या विदर्भात कोथिंबिरीला सांबार म्हणतात. हिवाळ्यात सांबारवडी झाली नाही असे घर नंदनवनात सापडणे कठीण. एरवी भाजीवर चिमूटभर भुरभुरावयाचा, भाजीवाल्याने हसत फुकट टाकावयाचा हा पदार्थ. पण त्या वडीत तोच मुख्य सारण होतो आणि खाणारा बोटे चाटतो. पदार्थ तोच, आपण त्याला ताटात कोठे ठेवतो एवढाच फरक.

यंदाच्या दिवाळीत फराळाची ताटे पुढे घेऊन घरातली मंडळी एखादा जुना चित्रपट लावून बसतील, तेव्हा माझी वाचकांना एवढीच विनंती आहे. आरंभी नावे सरकू लागली की चकलीचा तुकडा तोंडात टाकून घाईने पुढे जाऊ नये. पहिल्या ओळीतली नावे वाचली तशी दुसऱ्या आणि तिसऱ्या ओळीतलीही वाचावीत; मुलांनाही मोठ्याने वाचून दाखवावीत. आणि मग मेहमूदच्या एखाद्या करामतीवर सारे घर खो-खो हसेल, तेव्हा त्याच्यासमोर कमरेवर हात ठेवून, भुवया उंचावून, जराही न हसता उभ्या असलेल्या मुलीकडे एकवार नीट पाहावे. त्या हंशातला अर्धा वाटा तिचा आहे. तिचे नाव शुभा खोटे.